झडती

३ जून २०११. लंडन ऑलिंपिकच्या पात्रता फेरीचा महिला फुटबॉल सामना, अम्मानमध्ये, यजमान जॉर्डन विरुद्ध इराण. इराणच्या मुली त्यांच्या नेहमीच्या वेशात आल्या होत्या: पूर्ण बाह्यांचा शर्ट, लांब ट्रॅकपँट आणि डोकं, कान, मान झाकणारा घट्ट स्कार्फ. खेळ सुरू होण्याच्या तोंडावर अधिकाऱ्यांनी सांगितलं, या पोशाखात खेळता येणार नाही. स्कार्फ काढा नाहीतर सामना सोडा. स्कार्फ काढून खेळणं त्यांच्या सरकारने चालवून घेतलं नसतं, त्यामुळे हा पर्याय तसा नव्हताच. सामना झाला नाही. जॉर्डनला ३-० असा विजय बहाल झाला आणि मैदानात रडत बसलेल्या इराणी मुलींचे फोटो जगभर छापून आले.

त्या फोटोंमध्ये जॉर्डनच्या मुली दिसत नाहीत. त्यांच्यातल्या तिघींनाही हिजाब घालतात म्हणून बाहेर बसवलं होतं, हे फार कमी ठिकाणी छापून आलं. ज्या संघाला फुकटचा विजय मिळाला त्याच्याच तीन खेळाडूंना तोच नियम नडला होता. जॉर्डनच्या महिला फुटबॉलबद्दल मी जे काही वाचत आले, त्यात मला कायम ओढून घेणारी गोष्ट हीच. या देशात हा खेळ दोन बाजूंनी एकाच वेळी खेळला जातो.

जॉर्डन म्हणजे आकाराने महाराष्ट्राच्या एक तृतीयांशाहूनही थोडा लहान देश. बराचसा वाळवंट. लोकसंख्या एक कोटीच्या थोडी वर, त्यात पॅलेस्टाइन, इराक, सीरिया अशा शेजारच्या प्रत्येक पेटलेल्या घरातून आलेली माणसं. तेल नाही, पाणी त्याहून नाही. राजा आहे, संसद आहे, मशिदी आहेत, चर्च आहेत. मुली शिकतात, विद्यापीठांत मुलांपेक्षा मागे नाहीत. पण नोकरी करणाऱ्या किंवा शोधणाऱ्या बायकांचं प्रमाण १४-१५ टक्क्यांच्या आसपास अडकलेलं आहे, जगातल्या अगदी तळाच्या देशांत मोडेल इतकं. शिकवायचं, पदवी द्यायची आणि मग घरी बसवायचं, हे आपल्यालाही काही परकं नाही.

आता तो नियम कुठून आला ते बघा. २००७ मध्ये कॅनडाच्या क्यूबेक प्रांतात अकरा वर्षांच्या एका मुलीला स्कार्फ घातला म्हणून पंचाने मैदानाबाहेर काढलं. प्रकरण वर गेलं. फुटबॉलचे नियम ठरवणारं जे मंडळ आहे त्याची रचना मोठी गमतीची आहे: इंग्लंड, स्कॉटलंड, वेल्स आणि उत्तर आयर्लंड यांना प्रत्येकी एक मत, आणि उरलेल्या सगळ्या जगाच्या वतीने फिफाला चार. नियम बदलायचा तर आठांपैकी सहा मतं लागतात. म्हणजे अम्मानच्या मुलीने डोक्यावर काय घालावं यात कार्डिफ आणि बेलफास्टच्या सभ्य गृहस्थांना मत होतं, अम्मानला नव्हतं. या मंडळाने स्कार्फ नको म्हटलं. नंतर कारण पुढे आलं ते सुरक्षेचं: गळ्याला फास बसेल, टाचणी लागेल. २०१० च्या सिंगापूर युवा ऑलिंपिकमध्ये इराणच्या मुलींना टोपी घालून खेळू दिलं, तीही तडजोड म्हणून. पुढच्याच वर्षी अम्मानचा तो प्रसंग घडला.

ज्या माणसाने हा नियम उलटवला तो जॉर्डनचा राजपुत्र. अली बिन हुसेन, राजे अब्दुल्ला यांचे सावत्र भाऊ, १९९९ पासून जॉर्डन फुटबॉल असोसिएशनचे अध्यक्ष. २०११ च्या जानेवारीत ते आशियातर्फे फिफाचे उपाध्यक्ष निवडून आले, आणि पाचच महिन्यांत हे सगळं त्यांच्या स्वतःच्या राजधानीत, त्यांच्या डोळ्यांसमोर झालं. त्यांनी विषय हातात घेतला आणि सोडला नाही. वैद्यकीय मतं गोळा केली, ओढलं की सुटून येणारे स्कार्फ दाखवले (असे स्कार्फ एका डच डिझायनरने आधीच बनवले होते), मार्च २०१२ मध्ये त्या मंडळापुढे जाऊन बाजू मांडली. ५ जुलै २०१२ ला झ्युरिकच्या बैठकीत प्रायोगिक परवानगी मिळाली. त्याच बैठकीत चेंडू गोलरेषेपलीकडे गेला का हे सांगणाऱ्या यंत्रालाही मान्यता मिळाली, आणि दुसऱ्या दिवशीच्या मथळ्यांत अर्थातच यंत्र वर होतं. मार्च २०१४ मध्ये परवानगी कायमची झाली. पुरुषांनाही, आणि शीख खेळाडूंच्या पगडीलाही, कारण दरम्यान त्याच क्यूबेकने पगडीवरून आणखी एक तमाशा करून ठेवला होता.

मला अलींचं कौतुक आहे. २०१५ मध्ये ते तेव्हाचे अध्यक्ष ब्लाटर यांच्या विरोधात फिफाच्या अध्यक्षपदासाठी उभे राहिले आणि १३३ विरुद्ध ७३ अशी मतं घेऊन पडले. तेव्हा उभं राहणं हेच धाडस होतं. पण कौतुक करताना एक गोष्ट मनातून जात नाही. मी कोल्हापूरची आहे. राजाने मनावर घेतलं की खेळ कसा उभा राहतो, हे आमच्याकडे कुणी पुस्तकातून शिकत नाही. शाहू महाराजांनी बांधलेलं खासबाग गावाच्या मधोमध आहे. आणि राजाश्रय आटला की मल्लाच्या खुराकाचं काय होतं, तेही आमच्या तालमींनी बघितलंय. जॉर्डनचा महिला फुटबॉल हा असा राजाश्रयाचा खेळ आहे. संघ उभा राहिला २००५ मध्ये. त्याच वर्षी अम्मानला पश्चिम आशियाई महिला स्पर्धा भरवली आणि जिंकलीही, दोन वर्षांनी पुन्हा जिंकली. आजूबाजूच्या कित्येक देशांत तेव्हा मुलींचा संघच नव्हता, काही ठिकाणी मुलींना स्टेडियमात प्रेक्षक म्हणूनही जाता येत नव्हतं. २०१४ मध्ये जॉर्डन पात्रता फेरी खेळून आशियाई चषकाच्या मुख्य स्पर्धेत पोचला, पश्चिम आशियातला पहिला संघ. नऊ वर्षांत शून्यापासून इथवर. वरून रेटा असल्याशिवाय हे होत नाही. पण रेटा वरून असेल तर घसरणही वरूनच ठरते.

मग २०१६ आलं. सतरा वर्षांखालच्या मुलींचा विश्वचषक जॉर्डनमध्ये. मध्यपूर्वेत फिफाची महिलांची कुठलीही स्पर्धा त्याआधी झाली नव्हती. अम्मानची दोन मैदानं, एक झारकाचं, एक इर्बिदचं. आयोजन समितीची सूत्रं समर नासर यांच्याकडे होती. या माजी ऑलिंपिक जलतरणपटू, पुढे जॉर्डन फुटबॉल असोसिएशनच्या सरचिटणीस झाल्या. मैदानं दुरुस्त झाली, सरावाची मैदानं नव्याने तयार झाली, शाळाशाळांतून मुलींच्या हातात चेंडू दिला गेला. यजमान संघात हिजाब घालणाऱ्या मुली होत्या आणि न घालणाऱ्याही, एकाच रांगेत उभ्या राहून राष्ट्रगीत म्हणणाऱ्या. पाच वर्षांपूर्वी ज्या शहरात स्कार्फमुळे सामना रद्द झाला, तिथेच.

आणि मग त्या हरल्या. स्पेनने सहा गोल घातले, पुढचे दोन्ही सामने गेले. तीन सामन्यांत जॉर्डनचा एक गोल. उत्तर कोरियाच्या मुली जपानला पेनल्टींवर हरवून चषक घेऊन गेल्या. दोन वर्षांनी आशियाई चषकही अम्मानमध्येच भरला, एप्रिल २०१८. फिलिपिन्सकडून १-२, थायलंडकडून १-६, चीनकडून १-८. त्याच सुमारास मृत समुद्राच्या काठी, समुद्रसपाटीच्या ३०० हून अधिक मीटर खाली, जगातला सर्वांत सखल भागातला सामना म्हणून एक विक्रमी खेळही बायकांनी केला, समानतेकडे लक्ष वेधण्यासाठी. आदल्या वर्षी हीच मंडळी किलिमांजारोवर खेळली होती. मला अशा विक्रमांचं फारसं अप्रूप नाही, पण उंचावर झालं, खोलात झालं, आता जरा सपाटीवर रोजचा सराव कोण करून घेणार, एवढं विचारावंसं वाटतं.

या हरण्याला हसण्याचा अधिकार आपल्याला तर मुळीच नाही. २०२२ मध्ये हाच सतरा वर्षांखालचा विश्वचषक भारतात झाला. भारताचे तिन्ही सामने भुवनेश्वरला होते: अमेरिकेकडून ०-८, मोरोक्कोकडून ०-३, ब्राझीलकडून ०-५. जॉर्डनच्या मुलींच्या नावावर निदान एक गोल आहे. उपांत्य सामने मडगावच्या फातोर्डा मैदानावर झाले, अंतिम सामना नवी मुंबईत, डी. वाय. पाटील स्टेडियमवर, स्पेनने कोलंबियाला १-० ने हरवलं. स्पर्धेच्या दोन महिने आधी फिफाने आपल्या महासंघाला निलंबित केलं होतं आणि यजमानपद जाता जाता राहिलं, तो वेगळाच अध्याय. आपण त्या ०-३ वर फार बोललो नाही, पण मला तो निकाल लक्षात राहिला. मोरोक्को हाही मुस्लिम देश, आणि त्यांच्या मुली आपल्यापेक्षा सगळ्याच बाबतींत पुढे होत्या. पुढच्या वर्षी त्याच मोरोक्कोची नुहैला बेंझिना हिजाब घालून मोठ्या मुलींच्या विश्वचषकात ऑस्ट्रेलियात खेळली, असं करणारी पहिलीच. अम्मानमध्ये सुरू झालेली लढाई ऑस्ट्रेलियात संपली म्हणायची.

जॉर्डनच्या घरच्या फुटबॉलबद्दल इतकं सांगता येईल की तिथे महिलांची साखळी आहे, मोजक्या क्लबांची. वर्षानुवर्षं शबाब अल-उर्दुन आणि अम्मान क्लब यांच्यात चढाओढ. खेळाडू मात्र खऱ्या अर्थाने दर्जेदार. स्टेफनी अल-नाबेर, कर्णधार आणि मधल्या फळीचा कणा, डेन्मार्कच्या क्लबकडून खेळून आली. मायसा जबारा हिच्या नावावर देशासाठी शंभराहून जास्त गोल आहेत, जगात मोजक्याच बायकांना जमलेला आकडा. हे नाव आपल्याकडच्या क्रीडा पानांवर तुम्ही कधी वाचलंय का? मीही नाही. नोव्हेंबर २०२१ मध्ये आशियातल्या महिला क्लबांची स्पर्धा जॉर्डनच्याच अकाबाला झाली तेव्हा आपला गोकुलम केरळ तिथे गेला होता आणि अम्मान क्लबकडून हरला. अम्मान क्लबने ती स्पर्धा जिंकली. इराणचा क्लब दुसरा, गोकुलम तिसरा.

याच नोव्हेंबरात दुसरंही काही चाललं होतं, आणि मला खरं तर त्याबद्दलच लिहायचं आहे.

दीड महिना आधी, २५ सप्टेंबर २०२१ ला, ताश्कंदमध्ये जॉर्डन आणि इराण पुन्हा समोरासमोर आले होते. जिंकेल तो भारतात होणाऱ्या आशियाई चषकाला जाणार. सामना ०-० सुटला. पेनल्टींवर इराण ४-२ ने जिंकला, गोलरक्षक झोहरे कुदाईने दोन पेनल्टी अडवल्या. इराणच्या बायका पहिल्यांदाच आशियाई चषकाला पात्र ठरल्या. दहा वर्षांपूर्वी अम्मानमध्ये ज्या संघाला खेळूच दिलं नव्हतं, त्याने खेळून जागा मिळवली. गोष्ट इथे थांबली असती तर किती छान झालं असतं.

पण जॉर्डनच्या असोसिएशनने आशियाई महासंघाला पत्र लिहिलं. कुदाई ही स्त्रीच आहे का, याची स्वतंत्र वैद्यकीय तज्ज्ञांकडून चौकशी करा, अशी मागणी. पत्र आतल्या आत राहिलं असतं तरी वाईटच होतं. ते प्रिन्स अलींनी स्वतः ट्विटरवर टाकलं. मग जे व्हायचं ते झालं. तिचे फोटो, तिचा जबडा, तिचे खांदे, जगभरच्या बिनकामाच्या माणसांनी आपापलं निदान केलं. इराणच्या प्रशिक्षक मरियम इरानदूस्त म्हणाल्या की आमच्या प्रत्येक खेळाडूची तपासणी झालेली असते, हे हरल्याचं निमित्त आहे. कुदाई म्हणाली की मी बाई आहे, हा जॉर्डनचा दांडगावा आहे, मी कायदेशीर दाद मागेन.

मी त्या बातम्या वाचत होते तेव्हा मला राग येण्याआधी आश्चर्य वाटलं होतं. हेच ते गृहस्थ. मुलींनी काय घालावं हे परक्यांनी ठरवू नये, यासाठी ज्यांनी तीन वर्षं झ्युरिकच्या फेऱ्या मारल्या. ज्यांना ते रडणारे चेहरे सहन झाले नव्हते. त्याच संघातल्या एकीला त्यांनी चारचौघांत उभं केलं आणि म्हटलं, हिला तपासा.

कुणी म्हणेल, शंका असेल तर विचारायला नको का? खेळ आहे, नियम आहेत. मान्य. त्यासाठी बंद लिफाफ्याची वाट असते, आणि तीही सामन्याआधी, पुराव्यानिशी. ०-० सुटलेल्या सामन्यानंतर, दोन पेनल्टी अडवल्या म्हणून, लाखो लोकांपुढे नव्हे. पुरुषांच्या सामन्यात गोलरक्षकाने पेनल्टी अडवली तर त्याला उंच म्हणतात, चपळ म्हणतात. बाईने अडवली तर ती बाई आहे ना, इथपासून सुरुवात. आणि हे काही मुस्लिम देशांचं खास दुखणं नाही. आपल्या तमिळनाडूच्या धावपटू शांती सौंदराजनचं दोहा एशियाडचं रौप्यपदक २००६ मध्ये कसं काढून घेतलं, द्युती चंदला २०१४ मध्ये कसं घरी बसवलं, हे आपण बघितलं. द्युती लढली आणि जिंकली. शांतीचं पदक गेलं ते गेलंच.

म्हणून जॉर्डनबद्दल लिहिताना मला दोन्ही तयार साचे नकोसे वाटतात. एक, बिचाऱ्या झाकलेल्या मुली, ज्यांना फुटबॉल मोकळं करतो. दुसरा, उदार राजपुत्र, ज्याने त्यांना मैदान दिलं. पहिल्यात मुली नुसत्या दिसतात, दुसऱ्यात त्या आभार मानतात. प्रत्यक्षात या मुली जिंकल्या की कुणाच्या तरी धोरणाचं यश होतं आणि हरल्या की समोरच्या बाईचं शरीर तपासायला काढलं जातं. दोन्ही वेळा निर्णय त्यांचा नव्हता. ते पत्र लिहा, असं जबारा किंवा अल-नाबेर म्हणाली होती का? तसं कुठे वाचनात आलं नाही. त्या हरल्या होत्या, पेनल्टींवर, जसं कुणीही हरतं.

जानेवारी २०२२ मध्ये इराणचा संघ नवी मुंबईत आला. करोनामुळे प्रेक्षकांना प्रवेश नव्हता, म्हणून मी घरी बसून बघितलं. २० तारखेला भारत विरुद्ध इराण. स्टेडियम रिकामं, त्यामुळे खेळाडूंची हाकाटी स्पष्ट ऐकू येत होती, फारसीत आणि मणिपुरी-हिंदीच्या मिश्रणात. आपल्या मुलींनी पुष्कळ धडका दिल्या. समोर कुदाई उभी होती. ०-०. तीन दिवसांनी आपल्या संघात इतक्या जणींना करोना झाला की तैवानविरुद्ध नियमाने लागणाऱ्या किमान तेरा जणीही उभ्या करता आल्या नाहीत आणि भारत यजमान असूनही स्पर्धेतून बाहेर पडला. इराणला पुढे चीन आणि तैवानने धुतलं, ०-७ आणि ०-५. समालोचनात त्या वादाचा उल्लेख आला की नाही आठवत नाही. एवढं आठवतं की एक उंच बाई हवेतला चेंडू सहज खाली घेत होती आणि माझी शेजारीण, जी कधी फुटबॉल बघत नाही, म्हणाली, "ही भारीच आहे की गं."

त्यानंतर जॉर्डनने काही गमावलं, काही मिळवलं. पश्चिम आशियाई स्पर्धा पुन्हा जिंकल्या. पण २०२६ च्या आशियाई चषकाची पात्रता फेरी जुलै २०२५ मध्ये अम्मानमध्ये झाली, गटात पुन्हा इराण, आणि निर्णायक सामन्यात इराण २-१ ने जिंकला. ऑस्ट्रेलियातल्या त्या चषकाचं तिकीट इराणला मिळालं, भारतालाही मिळालं (आपण थायलंडला थायलंडमध्ये हरवलं, हे आपल्याकडे जेवढं साजरं व्हायला हवं होतं तेवढं झालं नाही), जॉर्डनला नाही. या वेळी पत्रबित्र काही निघालं नाही.

त्याच्या महिनाभर आधीच जॉर्डनच्या पुरुषांनी ओमानला मस्कतमध्ये ३-० ने हरवून पहिल्यांदा विश्वचषकाचं तिकीट मिळवलं होतं. अम्मानचे रस्ते रात्रभर जागे होते, सरकारने सुट्टीही दिली असती तर नवल नव्हतं. गटात मेस्सीचा अर्जेंटिना आला. विश्वचषकाला पोचणाऱ्या प्रत्येक देशाच्या असोसिएशनला फिफाकडून काही दशलक्ष डॉलर मिळतात, मग संघ तिन्ही सामने हरला तरी. जॉर्डनसारख्या देशाच्या फुटबॉलमध्ये एवढे पैसे एकदम कधी आले नसतील. त्यातले किती शबाब अल-उर्दुनच्या मुलींच्या मानधनापर्यंत, झारका-इर्बिदच्या मैदानांच्या दिव्यांपर्यंत आणि एका पूर्णवेळ गोलरक्षक-प्रशिक्षकापर्यंत पोचतात, ते असोसिएशनच्या पुढच्या दोन-तीन वर्षांच्या हिशेबात दिसेल.